स्वयंपाकिणीचा आवाज

"शू! थांब जरा बाई, माझी मुलगी बोलतेय."

आई हे म्हणाली तेव्हा तिची मुलगी दारातच उभी होती. एका पायातली चप्पल निघाली होती, दुसरी निघायची होती, एका हातात दुधाची पिशवी, दुसऱ्यात किल्ल्या. "आई, मी आले गं," एवढंच ती म्हणाली होती, रोज संध्याकाळी सहाला म्हणते तसंच. आईनं मान वळवून तिच्याकडे पाहिलं, दारावर काही विकायला आलेल्या बाईकडे पाहावं तसं, ओठांवर बोट ठेवलं आणि पुन्हा टीव्हीकडे तोंड फिरवलं. टीव्हीवर सोनेरी केसांची, निळ्या डोळ्यांची, उजेड पडल्यासारखी गोरी डॉक्टरीण कुणाला तरी समजावत होती, "घाबरू नका, मी आहे ना." आणि तो आवाज होता दारात उभ्या असलेल्या या चाळिशी ओलांडलेल्या, काळ्या, घामेजलेल्या बाईचा. मालिका परदेशातली, बोलणं आपल्या भाषेतलं, आणि ते बोलणं पुरवणं हा हिचा धंदा. तीन आठवड्यांपूर्वी काचेआडच्या खोलीत उभं राहून, कानाला हेडफोन लावून, डॉक्टरणीच्या ओठांवर डोळे रोखून तिनंच ते वाक्य म्हटलं होतं. 'मी'मधला 'म' तिचे ओठ मिटतात त्याच क्षणी पडावा म्हणून चार टेक दिले होते. आता तो इतका चपखल बसला होता की तिच्या जन्मदात्रीलासुद्धा शिवण दिसेना.

"आणि चिंगे," आई टीव्हीला म्हणाली, "जेवतेस ना गं वेळेवर? चेहरा उतरलाय तुझा."

चिंगी म्हणजे हीच. हे नाव घेणारं आता जगात आईशिवाय कुणी उरलं नव्हतं. एक भाऊ होता, पण तो लहानपणापासून तिला 'ए' म्हणायचा. दिवसभर आईजवळ बसायला येणारी मावशी पर्स खांद्याला अडकवून निघण्याच्या तयारीत होती. ती हळूच म्हणाली, "ताई, मनावर घेऊ नका. दुपारी कालचा भाग परत लागतो तेव्हा पण असंच चाललं होतं. मी म्हटलं, अहो आजी, ती टीव्हीतली बाई आहे. तर मलाच म्हणाल्या, तुला काय कळतंय!" चिंगीला हसू आलं. खरंच आलं. अशा वेळी आधी हसूच येतं, रडू मागाहून चौकशीला येतं. आईचा विसराळूपणा काही नवा नव्हता. वर्षभरात किल्ल्या गेल्या, वार गेले, गॅस बंद करायची आठवण गेली, आणि पुढे माणसंही जातील असं डॉक्टरांनी सांगूनच ठेवलं होतं. त्या दिवसाची तिनं मनाची तयारी केली होती. आई विचारील, 'तू कोण?' आणि आपण सांगू, 'मी चिंगी,' रोज सांगू, दहादा सांगू, त्यात काय! पण आई विसरलीच नव्हती. मुलगी होती, तिचं नाव होतं, तिच्या जेवणाची काळजी होती, सगळं जागच्या जागी होतं. फक्त उचलून दुसरीच्या पदरात टाकलं होतं. याची तयारी कुणी कशी करावी?

दुसऱ्या दिवशी स्टुडिओत तिनं हा किस्सा म्हणून सांगितला. रेकॉर्डिस्ट, म्हणजे काचेपलीकडे बसून बटणं सरकवणारा एक मिशाळ, गरीब स्वभावाचा गृहस्थ, मनापासून हसला. "म्हणजे तुमचं काम पास झालं की हो!" तो म्हणाला. डायरेक्टर म्हणाला, "अगं, याहून मोठं बक्षीस कुठलं? सख्खी आई फसली!" तीही हसली, पाणी प्यायली, हेडफोन लावले आणि समोरच्या पडद्यावर डॉक्टरीण आली तशी वाक्य म्हणायचं सोडून तिच्याकडे बघतच राहिली. ही बया! दोन वर्षं हिला आपण बोलायला शिकवलं, हिच्या वतीनं रडलो, हिच्या नवऱ्याशी भांडलो, हिच्या पोराला अंगाई म्हटली, आणि हिनं काय केलं, तर घरात शिरून आई पळवली. सवत असते ती नवऱ्याच्या बाबतीत. आईच्या बाबतीत जी असते तिला काय म्हणतात? ती स्वतःशीच चिडली. त्या बिचारीचा काय दोष, ती तर समुद्रापलीकडे कुठंतरी आपल्या घरात झोपली असेल, तिला ठाऊकही नसेल की तिला इथं एक आई आहे. पण आईनं त्या चेहऱ्यावर विश्वास ठेवला तो किती चटकन! हीच गोष्ट तिला टोचत होती. एका दुपारीत. जणू इतकी वर्षं आई याच चेहऱ्याची वाट पाहत थांबली होती.

कारण आई गोरी होती. भाऊ गोरा होता. चिंगी वडिलांवर गेली होती आणि वडील लवकर गेले, त्यामुळे घरात तिच्या रंगाचं दुसरं कुणी राहिलंच नाही. दवाखान्यात नर्सनं दुपट्यात गुंडाळलेली पोर आणून दिली तेव्हा आई म्हणाली होती, "बदलून तर नाही ना आणलीत?" हा विनोद नातेवाईक जमले की एकदा तरी व्हायचाच, आणि सगळ्यांत मोठ्यानं हसायची ती चिंगीच. नाहीतर करणार काय? मग सायीत लिंबू पिळून चेहऱ्याला चोळणं, उन्हात जाऊ नकोस, हा रंग तुला उठून दिसत नाही, फोटो काढताना जरा खिडकीकडे तोंड कर. आई वाईट नव्हती. ती हे सगळं हळू हातानं, काळजीनं करायची, ताप उतरवायला कपाळावर पट्ट्या ठेवतात तशी. आणि संध्याकाळी टीव्हीवर ती जाहिरात लागायची, सगळ्यांनाच पाठ असलेली. एक काळी मुलगी खाली मान घालून बसलेली, मग क्रीम, मग सात दिवस, मग तीच मुलगी ताठ मानेनं ऑफिसात, सगळे वळून पाहतायत. आई स्वयंपाकघरातून हात पुसत बाहेर यायची आणि काही न बोलता जाहिरात संपेपर्यंत उभी राहायची. ते काही न बोलणं चिंगीला अजून ऐकू यायचं. तिला वाटलं, झालं आईच्या मनासारखं. आता मेंदूची दारं-खिडक्या निखळली तेव्हा आईनं सात दिवसांचीसुद्धा वाट पाहिली नाही.

भाऊ मात्र ओळखू यायचा. रविवारी दूरच्या शहरातून त्याचा फोन आला की आई नुसत्या 'हॅलो'वर म्हणायची, "अरे दादा, कधी येतोस?" चिंगीनं त्याला झालं ते सांगितलं तेव्हा तो म्हणाला, "ए, मग टीव्ही बंदच ठेव ना काही दिवस. सोपं आहे." पुरुषांना सगळं सोपं असतं, आणि लांब राहणाऱ्या पुरुषांना तर फारच. पण ते करून पाहावं लागलंच नाही, एका संध्याकाळी आपणहून वीज गेली. टीव्ही काळा झाला. चिंगी आतल्या खोलीतून म्हणाली, "आई, उठू नकोस हं, मी मेणबत्ती आणतेय," आणि बाहेर येऊन पाहते तर आई उठून टीव्हीच्या मागं हात घालून चाचपत होती. "चिंगे! कुठं आहेस? दिसत का नाहीस?" चिंगी म्हणाली, "अगं, ही काय मी." आईनं आवाजाच्या रोखानं पाहिलं, मेणबत्तीमागचा चेहरा पाहिला आणि किंचाळली. भूत पाहून किंचाळावं तशी नव्हे. आपल्या माणसाच्या अंगात दुसरंच कुणी शिरलेलं पाहावं तशी. मागं सरकताना तिचं डोकं कपाटाच्या कडेवर आपटलं. चिंगी जितकं "आई, आई" करी तितकी आई थरथरे. आणि मग काय झालं कोण जाणे, चिंगीच्या तोंडून एकदम दुसरा आवाज आला. जाडा, घोगरा, शब्दांची शेपटं गिळणारा. "आजी, भिऊ नका. मी हाये. बसा, पाणी आणते." आई गप झाली. तिचा श्वास खाली बसला. "हां, तू आहेस होय बाई," ती म्हणाली, "बरं झालं. मला वाटलं..." काय वाटलं ते तिला आठवलं नाही. चिंगीनं तिच्या डोक्याला बर्फ लावला आणि वीज येईपर्यंत त्याच आवाजात बोलत राहिली.

तो आवाजही तिचाच होता, म्हणजे धंद्यातला. आवाज देणाऱ्यांत एकीनं दोन-तीन पात्रं करायची हा रिवाजच आहे, आणि डॉक्टरणीच्या घरात एक स्वयंपाकीण होती, थोराड बांध्याची, कोळशासारखी काळी, तीही चिंगीच्याच वाट्याला आली होती. दोघींचा प्रसंग असला की ती आधी डॉक्टरणीची वाक्यं म्हणून घ्यायची, मग मागं जाऊन स्वयंपाकिणीची, आणि स्वतःलाच विचारलेल्या प्रश्नांना स्वतःच उत्तरं द्यायची. डॉक्टरणीला तिनं आपला स्वतःचा आवाज दिला होता, जसा देवानं दिला तसा. स्वयंपाकिणीला हा जाडा. आता तो घरी वस्तीला आला. मावशी गेली की सहापासून झोपेपर्यंत चिंगी स्वतःच्या आईला 'आजी' म्हणू लागली. सोपं नव्हतं ते. पहिल्या दिवशी 'आजी' म्हणताना जीभ अडखळली, चौथ्या दिवशी अडखळली नाही, आणि जीभ अडखळली नाही याचंच तिला जास्त वाईट वाटलं. पण आई खूश होती. "तू बरी आहेस," ती म्हणायची, "पहिली होती ती फार बडबडायची." आणि मग या नव्या बाईला ती आपल्या मुलीबद्दल सांगायची. चिंगी अभ्यासात हुशार होती. चिंगी रडायची नाही, पडली तरी रडायची नाही. चिंगीनं एकदा शाळेत कविता म्हटली आणि बाईंनी वर्गाबाहेर येऊन मला सांगितलं, हिच्या गळ्यात काहीतरी आहे. हे आईनं आपल्याला कधीच सांगितलं नव्हतं! चिंगी ताटलीतलं सफरचंद कापता कापता थांबे. जाड्या आवाजात विचारी, "मग तिला सांगितलं का आजी तुम्ही?" आई म्हणे, "छे! पोरीच्या जातीला तोंडावर कौतुक करू नये, शेफारतात." चिंगीला हसावं की ताटली आपटावी ते कळायचं नाही. नोकराणीला सगळं मिळत होतं आणि टीव्हीतलीला सगळं मिळत होतं, मधल्या मधे ती एकटीच उपाशी होती. आणि तिघी मिळून ती एकच होती! डोकं भणभणून जायचं.

एवढं मात्र तिनं धरून ठेवलं होतं की हा सगळा गुंता त्या डायरेक्टरनं करून ठेवला. काळ्या बाईला जाडा आवाज हवा, हे त्यानंच दोन वर्षांपूर्वी सांगितलं होतं, आणि आपण पोटासाठी मान डोलावली. एक दिवस चहाच्या वेळी तिनं ते त्याच्या तोंडावर फेकलं. तो कपातून वर पाहत म्हणाला, "मी? मी कधी सांगितलं? तूच दिलास तो." ती म्हणाली, "काहीतरीच काय, मी कशाला देईन?" दोघांची बाचाबाची व्हायला लागली तसा रेकॉर्डिस्ट कानकोंडा झाला आणि म्हणाला, "ऑडिशन पडलेली असेल की. मी काही पुसत नाही." त्यानं शोधली. स्पीकरवर आधी खरखर, मग डायरेक्टरचा आवाज आला, "डॉक्टरीण झकास. आता ही स्वयंपाकीण. हिला काय देशील?" आणि मधे क्षणभरसुद्धा न थांबता तिचा स्वतःचा, जाडा, शेपटं गिळणारा, दर वाक्याला हॅ हॅ करणारा. ऐकताना डायरेक्टर हसल्याचं ऐकू येत होतं. मग तीही हसल्याचं. "बघ," तो म्हणाला, आणि तिचं तोंड पाहून पुन्हा कपात बघायला लागला. क्षणभरसुद्धा थांबले नाही! कुणी विचारलं तर काळ्या बाईचा आवाज माझ्या खिशातच होता, सुट्या नाण्यासारखा. कुठून आला? ती स्वयंपाकीण जशी होती तसल्या बायका तिनं आयुष्यात पाहिल्या होत्या त्या टीव्हीतच. लहानपणी कुठलीही मालिका लावा, मोलकरीण काळी, चेटकीण काळी, चोर काळा, आणि सगळे त्याच आवाजात बोलायचे, आणि आपण सतरंजीवर बसून पोट धरधरून हसायचो. शाळेत तिनं त्यांची नक्कल केली तेव्हा वर्ग पहिल्यांदा तिच्याकडे पाहून तिच्या रंगाला सोडून दुसऱ्या कशाला तरी हसला. तेव्हापासून तो आवाज तिच्याजवळ होता. त्यानं तिला वाचवलं होतं. आणि आता तिनं तो आपल्या खऱ्या चेहऱ्यासारखा चेहरा दिसताच काढून दिला होता, आणि आपला सुंदर, स्वच्छ आवाज मात्र सोनेरी केसांना. आईनं तरी वेगळं काय केलं होतं?

त्या दिवशी तिनं रेकॉर्डिस्टला एक विनंती केली, जी दोन वर्षांत केली नव्हती. आवाज देताना मूळ परदेशी बोलणं कानात हळू चालू असतं, वेळ साधण्यापुरतं. ते तिनं मोठं करायला सांगितलं, आणि स्वयंपाकिणीचं मूळ बोलणं नीट ऐकलं. भाषा तिला कळत नव्हती. पण आवाज कळतो की. तो जाडा नव्हता. तो सावकाश, खालच्या पट्टीतला, एकेक शब्द पूर्ण उच्चारणारा, एखाद्या शिक्षिकेचा असावा तसा होता. हॅ हॅ कुठंच नव्हतं. जिथं चिंगीनं हॅ हॅ भरलं होतं तिथं ती बाई नुसती गप्प बसून समोरच्याकडे पाहत होती. चिंगीला लाज वाटली. मान खाली घालून तिनं हेडफोन काढले, पुन्हा लावले. सगळ्या घराघरांत जी स्वयंपाकीण बसली होती ती ही नव्हती, ती आपण बनवलेली होती, आणि तरी आपली तिच्याशी काही ओळख नव्हती. मग आपली ओळख कुणाशी होती? डॉक्टरणीशी? काचेत तिला तिचं प्रतिबिंब दिसत होतं, त्याच्यामागं रेकॉर्डिस्टची मिशी.

पुढच्याच आठवड्यात तो भाग आला ज्यात डॉक्टरीण तापानं बेशुद्ध पडते. भागभर तिला वाक्य नाही, नुसते श्वास. आणि उशाशी बसलेली स्वयंपाकीण तिच्याशी बोलत राहते, सलग चार मिनिटं, लहानपणी तिला कसं वाढवलं ते सांगते. चिंगीनं पानं वाचली आणि तिच्या मनात एक वेडा विचार आला, आणि एकदा आल्यावर जाईना. आईला माझा आवाज हवा आहे. तो काळ्या चेहऱ्यातून आला तर? त्या भागात दुसरं कुणी तो आवाज घेऊन बसलेलं नसेल. आई एकतर पुन्हा किंचाळेल, किंवा तिच्या डोक्यात कुठंतरी जोडलं जाईल, की हा आवाज असल्या चेहऱ्यातून येऊ शकतो. आणि तिथून माझ्यापर्यंत किती अंतर? एका खुर्चीचं! "माझा साधा आवाज देते इथं," ती डायरेक्टरला म्हणाली. तो म्हणाला, "वेड लागलंय? दोन वर्षांचं पात्र! प्रेक्षक गोंधळतील. चॅनेलनं विचारलं तर?" "सांगा, मला ताप होता." "ताप तिला आहे." "मग सांगा, मला लागण झाली." रेकॉर्डिस्ट फिसकन हसला. डायरेक्टरनं घड्याळ पाहिलं, भाग त्याच दिवशी पाठवायचा होता. "एकदाच हं. आणि काही झालं तर मी बाहेर गेलो होतो," तो म्हणाला आणि खरंच बाहेर गेला. तिनं हेडफोन लावले. मूळ बाईचा सावकाश आवाज कानात घेतला, आणि त्याच्या पावलावर पाऊल टाकत स्वतःच्या आवाजात बोलत गेली. एका टेकमध्ये झालं. शेवटचं वाक्य संपल्यावर काचेपलीकडे रेकॉर्डिस्टनं बटणावरून बोट उचललं. इतकी वर्षं आवाज देत होते, तिला वाटलं, आज पहिल्यांदा परत घेतला.

तो भाग लागायच्या दिवशी ती लवकर घरी आली. मावशीला लवकर सोडलं. कपाटाच्या कडेला तिनं टॉवेल गुंडाळून ठेवला, आई दचकून मागं सरकली तर लागू नये म्हणून. आईला खुर्चीत बसवलं, पायांवर शाल घातली, आणि शेजारची खुर्ची इतकी जवळ ओढली की हात लागेल. सहा वाजले. तिनं उगाचच दोनदा शाल सारखी केली. कुणी येणार असलं की घर सारखं करतो तसं. आणि खरंच, येणार होतीच की ती. पडद्यावर डॉक्टरीण पलंगावर डोळे मिटून पडली. आई अस्वस्थ झाली. "चिंगीला बरं नाही," ती म्हणाली. "बघ ना बाई, अंग तापलंय वाटतं." मग स्वयंपाकीण येऊन उशाशी बसली, तिचा मोठा काळा चेहरा सगळा पडदाभर झाला, कपाळावर घामाचे थेंब, डोळे ओले, आणि ती बोलू लागली. आईचा शालीवरचा हात थांबला. चिंगीनं आपला हात तयार ठेवला. एक वाक्य झालं, दुसरं झालं. आईनं पलंगावरच्या डॉक्टरणीकडे पाहिलं, बोलणारीकडे पाहिलं, पुन्हा डॉक्टरणीकडे. आता किंचाळेल, आता. आई पुढं वाकली. तिच्या चेहऱ्यावरच्या सुरकुत्या एकेक करून सैल झाल्या.

"चिंगे," ती म्हणाली. "तू होय! मी त्या गोरीलाच बघत बसले होते."

चिंगीच्या डोळ्यांपुढं सगळं पाण्यात गेलं. आई तिला सांगत होती, "बघ बाई, कशी करतेय त्या आजारी पोरीचं. सख्खं नातं नाही, काही नाही. किती समजूतदार झाली गं माझी पोर." चिंगीनं आवाज घोगरा केला, तो तर आपोआपच घोगरा झाला होता, आणि विचारलं, "पण आजी, ही तर काळी हाये." आईनं तिच्याकडे असं पाहिलं की प्रश्नच तिला कळला नसावा. "मग?" ती म्हणाली. "माझी मुलगी काळीच आहे. तिच्या वडिलांसारखी." काही विशेष सांगितल्यासारखं नाही, तिचा वाढदिवस अमक्या महिन्यात असतो, असं सांगावं तसं. पडद्यावर चार मिनिटं चालली होती. चिंगीला त्यातलं काही ऐकू येईना. चाळीस वर्षं जो राग तिनं नीट घड्या घालून जपून ठेवला होता तो आता कुठं ठेवायचा ते तिला समजेना. आईला चालत होतं! काळं चालत होतं, गोरं चालत होतं, काहीही चालत होतं. मग सायीत लिंबू कुणी पिळलं होतं? की तेही आईनं नव्हे, आईच्या मागं उभ्या असलेल्या कुणीतरी? विचार करायला वेळ नव्हता. भाग संपला की ती बाई जाईल. आत्ताच, आई त्या चेहऱ्याकडे मायेनं पाहतेय तोवरच. तिनं आईचा हात आपल्या दोन्ही हातांत घेतला, चेहरा जवळ नेला, आणि आपल्या आवाजात, साध्या, स्वच्छ, देवानं दिलेल्या आवाजात म्हणाली,

"आई, मीच चिंगी. ही बघ ना, मी इथं आहे."

आई वळली. दचकली नाही, घाबरली नाही. तिनं चिंगीचा चेहरा नीट पाहिला; कपाळ, नाक, गाल, हनुवटी. असं तिनं कितीतरी वर्षांत पाहिलं नव्हतं. मग आपला हात सोडवून घेतला आणि चिंगीच्या गुडघ्यावर थोपटलं.

"तू मनानं चांगली आहेस बाई," आई हळू आवाजात म्हणाली, टीव्हीतलीला ऐकू जाऊ नये इतक्या हळू. "पण तिची नक्कल नको करूस. लहानपणी लोक फार हसलेत तिला. मी पण हसले. तिला वाटेल, अजून हसतात."

चिंगीनं मान हलवली. बोलायला तोंड उघडलं तेव्हा कुठला आवाज येईल हे तिलाही ठाऊक नव्हतं. आला तो जाडाच.

"नाही करणार, आजी."